दर्याराणीची बारीक णी

मी आयुष्यभर लिहिलेल्या अक्षरांपैकी निम्मी तरी समुद्राने धुऊन नेली. उरलेल्यांवर फ्लेक्सचे बोर्ड चढले. आपलं साहित्य टिकेल की नाही या काळजीने लेखक मंडळी हवालदिल होतात म्हणे. मला ती काळजी कधी शिवलीच नाही. दर वर्षी जूनमध्ये होड्या पाण्याबाहेर ओढायच्या, माझी अक्षरं खरवडून काढायची, आणि नारळी पौर्णिमेच्या आत मी तीच नावं पुन्हा लिहायची. चाळीस वर्षं मी एकाच पुस्तकाच्या नव्या नव्या आवृत्त्या काढत होतो म्हणा ना.

मी रेवदंड्याचा दत्ता पेंटर. आडनाव आहे, पण ते रेशनकार्डापुरतं. दुकानांच्या पाट्या, शाळेतले सुविचार, निवडणुकीच्या भिंती, नागावच्या घरगुती खाणावळींचे बोर्ड, सगळं केलं. पण मनापासून विचाराल तर मी होड्यांचा पेंटर. भिंत सपाट असते. भिंतीवर कोणीही लिहील. होडीवर लिहून दाखवा, मग आपण बोलू.

होडीची फळी पोटाशी फुगलेली असते आणि नाळेकडे, म्हणजे पुढच्या टोकाकडे, वर उचलत अरुंद होत जाते. नाव लिहायचं ते नाळेजवळच. डाव्या बाजूला अडचण नाही: पहिलं अक्षर नाळेपाशी, मग मागे मागे जायचं, जागा मुबलक. घोळ उजव्या बाजूला होतो. तिथे नाव मागून सुरू होतं आणि नाळेपाशी संपतं. डावीकडून लिहीत गेलात आणि अंदाज बोटभर चुकला, तर शेवटच्या अक्षराला जागाच उरत नाही.

म्हणून माझ्या उस्तादांचा नियम होता, उजव्या बाजूला शेवटचं अक्षर आधी लिहायचं आणि मग मागे मागे येत पहिल्यावर संपवायचं. उस्ताद उर्दूही झकास लिहायचे, त्यांना उजवीकडून सुरुवात करायचं काहीच वाटायचं नाही. मला मात्र हे उलटं लिहिणं हातात बसायला दोन वर्षं लागली. एकदा बसल्यावर मी तो नियम जन्मात एकाच नावासाठी मोडला, आणि तो मोडायला लावणाऱ्या बाईंचं नाव हिराबाई.

हिराबाई आमच्या कोळीवाड्यातलं मोठं प्रस्थ. नवरा महादू समुद्रावर जाणारा, आणि आलेली मासळी बाजारात नेऊन विकायची ती हिराबाईंनी. आवाज असा की त्यांनी बंदरावर 'कोलंबी' म्हटलं की खाडीपलीकडे साळावला गिऱ्हाईक उठून उभं राहावं. दुसरीत शाळा सुटली ती सुटली, अक्षराशी संबंध नाही, पण हिशेब तोंडपाठ आणि शिव्या त्याहून पाठ. त्यांनी स्वतःच्या हिमतीवर लाकडी होडी बांधून घेतली. नाव ठेवलं 'दर्याराणी'.

तेव्हा मी उस्तादांकडून सुटून नुकता स्वतंत्र झालो होतो. श्रावणातल्या सरी रंग वाळू देईनात, त्यामुळे नाव लिहायला ऐन नारळी पौर्णिमेची दुपार उजाडली. डावी बाजू देखणी झाली. उजवीकडे आलो, खडूची दोरी लावली आणि नाळेपाशी पहिल्यांदा 'णी' काढायला घेतली. मागे हिराबाई नारळ घेऊन उभ्या. वाचता येत नसलं म्हणून काय झालं, डाव्या बाजूला मी कुठल्या आकारापासून सुरुवात केली ते त्यांनी बघून ठेवलं होतं.

"ए पेंटर! ह्यो शेवटचा ना रे? सनाच्या दिवशी माज्या होडीचं नाव उलटं लिवतंस?"

"हिराबाई, या बाजूला असंच लिहितात."

"कोन लिवतं? माजी होडी उलटी चालायची हाय का? पुस ते. सरळ लिव."

पाणी चढत होतं, वाजंत्री आली होती, कोळीवाडा नटूनथटून माझ्याकडे बघत होता. मी पुसलं आणि डावीकडून सुरुवात केली. त्या मागून "आटप, आटप" करत होत्या. 'द' जरा ऐसपैस झाला, 'र्या' त्याच्या तालात गेला, 'रा' झाला, आणि बघतो तर काय, पुढे वीतभर फळी उरलेली. कपाळ माझं! त्या वीतभर जागेत मी 'णी' कोंबली. बाकीची अक्षरं हातभर उंच आणि ही बिचारी आईचा पदर धरून चाललेल्या पोरीसारखी. नारळ फुटला, होडी पाण्यात गेली, आणि कोळीवाड्याने मला हसायला सुरुवात केली ती आजतागायत थांबलेली नाही.

पुढच्या वर्षी मी स्वतःहून गेलो. म्हटलं, यंदा नीट लिहून देतो. हिराबाई म्हणाल्या, "न्हाय. होती तशी लिव." त्याच्या पुढच्या वर्षी पुन्हा तेच. अठरा वर्षं, महाराज! अठरा वर्षं मी दर पावसाळ्यात जाऊन स्वतःची चूक माप घेऊन, जशीच्या तशी, स्वतःच्या हाताने लिहून येत होतो. मला वाटायचं, बाई खुनशी आहे. चूक तिची, शिक्षा मला.

मग लाकडी होडी जुनी झाली, मोडीत काढली. फायबरची आली. तिच्यावर अलिबागहून मशीनवर कापलेली स्टिकरची अक्षरं चिकटली. एकसारखी, गुळगुळीत. हळूहळू सगळ्याच होड्यांवर आली. मी खारीच्या केसांचे ब्रश घासलेटने धुतले, फडक्यात गुंडाळले आणि माळ्यावर टाकले. वाईट वाटलं. खोटं कशाला सांगू, खूप वाईट वाटलं. बायको म्हणाली, आता आराम करा. आराम करणाऱ्याला काय त्रास असतो तो तिला काय ठाऊक!

अशा त्या आरामाच्या दिवसांत एके सकाळी सुप्रिया आली. सुप्रिया ही हिराबाईंची मुलगी, मुंबईला चित्रकला शिकलेली. हातात भलंमोठं पाकीट.

"काका, मी आईवर पुस्तक केलंय. दोनशे पानांचं. सगळं चित्रांत."

"म्हणजे कॉमिक?"

"म्हणा कॉमिक. ग्राफिक नॉव्हेल म्हणतात. चित्रकादंबरी म्हणूया."

मी मनात म्हटलं, झालं! मुंबईचं शिक्षण आणि निष्पन्न काय, तर कॉमिक. आम्ही लहानपणी अलिबागच्या एसटी स्टँडवर भाड्याने कॉमिक आणून वाचायचो, तीही मास्तरांपासून लपवून. कोणीतरी कोणालातरी ठोसा मारायचा आणि 'ढिशूम' असं लिहिलेलं असायचं. त्या 'ढिशूम'चं वळण मात्र मला तेव्हाही आवडायचं.

सुप्रियाने वाद घातला नाही. तिने एक जाडजूड परदेशी पुस्तक माझ्यापुढे ठेवलं आणि म्हणाली, आठवडाभर ठेवा. माझं इंग्रजी बोर्डापुरतं. मी नुसती चित्रं बघत गेलो. एक म्हातारा बाप, त्याचा मुलगा, आणि दोघांमध्ये न बोललेलं काहीतरी. एका पानावर फक्त रिकामी खुर्ची होती. चौकटीमागून चौकट, खुर्चीवरचं ऊन सरकत गेलेलं, बस्स. मी ते पान धरून बसलो आणि मला माझे वडील आठवले. बायको विचारायला लागली, डोळ्यांत काय गेलं? काय सांगणार, कॉमिक गेलं म्हणून?

आठवड्याने मी सुप्रियाला पुस्तक परत दिलं आणि म्हटलं, "पोरी, तुझी पानं दाखव."

काय पानं होती! बंदर, टोपल्या, वाळत घातलेले बोंबील, रिक्षात टोपलीसकट कोंबलेल्या चार बायका. काळी शाई आणि कुठे कुठे खाडीच्या पाण्याचा करडा रंग. पण बोलणी कॉम्प्युटरने टाकलेली. हिराबाई भांडतायत, महादू कुरकुरतोय, पोलीसपाटील समजूत घालतोय, आणि सगळ्यांची अक्षरं एकाच साच्यातून निघालेली. मी म्हटलं, "ही सगळी माणसं बँकेतून बोलतायत का ग?"

"म्हणूनच आले काका. अक्षरं तुम्ही लिहा. हाताने."

मी हो म्हटलं, पण चेहरा असा ठेवला की तिच्यावर उपकार करतोय. मग माळ्यावर चढलो आणि ब्रश खाली काढले. बायकोने शिडी धरली होती. ती म्हणते, मी शीळ घालत होतो. मला आठवत नाही.

काम सुरू करायच्या आधी सुप्रियाने एक गोष्ट सांगून ठेवली. "आई हो म्हणाली तरच हे छापायचं. आयुष्य तिचं आहे. पुण्याच्या प्रकाशकांनाही मी तसं सांगितलंय." आणि आईचं मत काय होतं? हिराबाई सगळीकडे सांगत होत्या, "पोरीला शिकवली, तर तिनं आयशीची व्यंगचित्रं काढली. पोरांच्या चोपडीत माजं तोंड! आता गाव हसंल." म्हणजे पोरीची चार वर्षांची मेहनत त्या एका होकारावर टांगलेली. हिराबाईंकडून होकार मिळवणं किती सोपं असतं ते मी अठरा वर्षं अनुभवलं होतं.

माझं पहिलं पान बघून सुप्रियाला हसू आवरेना. मी प्रत्येक वाक्य दुकानाच्या पाटीसारखं रंगवलं होतं. जाड अक्षर, खाली शेड, वर पांढरी चमक. 'मीठ संपलं' एवढं साधं वाक्य, पण वाचून वाटावं मिठाचा सेल लागलाय. मी रागावलो. दोन दिवस बोललो नाही. मग स्वतःच बोरूसारखं निमुळतं पेन करून घेतलं आणि धाकट्या अक्षराची सवय लावायला बसलो.

दुसरी अडचण फुग्यांची. बोलणं ज्या गोल जागेत लिहितात तिला फुगा म्हणतात. सुप्रियाने फुगे आधीच काढून ठेवले होते आणि माझी अक्षरं त्यांत मावेनात. आपल्या अक्षराला वर वेलांट्या-मात्रा, खाली उकार. वरच्या ओळीचा उकार खालच्या ओळीच्या मात्रेला धडकायचा. मी म्हटलं, "आधी माणूस बोलतो, मग त्याला जागा लागते. मी आधी लिहितो, तू मागून फुगा काढ." तसं केलं आणि पानाने श्वास घेतला. पुढे मुंबईत एका चर्चेत एका प्राध्यापकांनी यावर पाऊण तास भाषण दिलं. मी व्यासपीठावर बसून मान हलवत होतो. मला फक्त उकाराला जागा हवी होती.

मग मात्र गंमत यायला लागली. अक्षराने आवाज काढता येतो हे मला चाळीस वर्षांत कोणी सांगितलं नव्हतं. हिराबाई बाजारात ओरडतात तिथे मी अक्षर इतकं वाढवलं की ते चौकट फोडून शेजारच्या चौकटीत शिरलं. लहान सुप्रिया तापाने फणफणलीय आणि हिराबाई तिला थोपटतायत, तिथे बारीकात बारीक ब्रश, शाईत पाणी. अक्षर कागदावर जेमतेम टेकलेलं. ते पान लिहून झाल्यावर सुप्रियाने ते जवळ ओढून घेतलं. म्हणाली, "आई अशीच बोलायची. मी विसरले होते."

इंजिनच्या आवाजावरून तर मोठी सभा झाली. सुप्रियाने 'फट् फट् फट्' लिहिलं होतं. महादू बाजूला विडी ओढत बसला होता. आयुष्य इंजिनशेजारी गेल्याने कान अर्धे गेलेले. त्याने पान बघितलं आणि म्हणाला, "ही होडी हाय की मोटारसायकल?"

"मग आवाज कसा होता, बाबा?"

"मना कुठं ऐकू येतं? पन हाताला येतं." असं म्हणून त्याने पाटावर तळवा ठेवला आणि वाजवून दाखवलं. डुग, डुग, डुगडुग, डुग. मी त्या ठेक्यावर लिहीत गेलो. आठ पानांच्या तळाशी ते 'डुग डुग' चालत राहतं, होडी लांब जाते तसं बारीक होत जातं. अर्धबहिऱ्या माणसाने सांगितलेला आवाज आहे तो, आणि अख्ख्या पुस्तकात त्याच्याइतका खरा आवाज दुसरा नाही.

आता माझ्या लबाडीकडे येतो. पुस्तकाच्या मधोमध दोन पानं पसरून एकच चित्र होतं: नारळी पौर्णिमा, सगळा कोळीवाडा, आणि दर्याराणी पहिल्यांदा पाण्यात जाते. उजवी बाजू आपल्याकडे. सुप्रियाने होडीवरची नावाची जागा कोरी ठेवली होती. "नाव तुम्हीच लिहा काका, तुमचंच होतं." मग जरा आठवून म्हणाली, "शेवटचं अक्षर बारीक होतं ना हो?"

"छे छे," मी म्हटलं, "रंग उडाला होता म्हणून तसं दिसायचं."

सरळ थाप मारली. काय करू? इतक्या वर्षांनी संधी आली होती. स्टिकर फाटतील, मी मरेन, पण पुस्तक राहील, आणि त्यात तरी दत्ता पेंटरची अक्षरं चोख असावीत एवढीच इच्छा. मी माप घेतलं, उस्तादांचं स्मरण केलं, आधी 'णी' लिहिली आणि मागे मागे आलो. चारही अक्षरं रांगेत उभी राहिली, शाळेच्या कवायतीला उभी राहावीत तशी. मी स्वतःवर बेहद्द खूश झालो.

मग दाखवायचा दिवस आला. दुपारची जेवणं झाली होती. हिराबाईंनी पडवीत चटई घातली, हात धुतले, पदराला पुसले आणि बसल्या. महादू एका बाजूला, मी एका बाजूला, सुप्रिया समोर. ती वाचून दाखवायला लागली तशी हिराबाईंनी हात वर केला. "तू गप. चित्रांची चोपडी हाय ना? मग माजी मी बगीन."

आणि त्या बघत गेल्या. एकेक पान, सावकाश. चौकटींवर बोट ठेवून, एकीवरून दुसरीवर. त्यांना कुणी शिकवलं नव्हतं, तरी बोट कुठेही चुकलं नाही. "ही रखमा. मेली हुबेहूब हाय." "हा पाटील, ह्याचं पोट लहान काढलंस." बाजाराच्या पानावर थांबल्या. माझी अक्षरं चौकट फोडून बाहेर आलेली.

"हे काय मी वरडतंय?"

"व्हय," सुप्रिया हळूच म्हणाली.

"येवढ्यानं?"

महादूला नेमकं तेवढं ऐकू आलं. "पान फाटलं न्हाय हेच नशीब."

हिराबाई अशा हसल्या की डोळे पुसावे लागले. तापाच्या पानावर मात्र हसू गेलं. त्या बारीक अक्षरांवरून त्यांनी दोनदा बोट फिरवलं आणि न विचारताच म्हणाल्या, "हितं मी हळू बोलतंय." सुप्रियाने माझ्याकडे बघितलं. मी छताकडे. माझ्या आयुष्यात मला मिळालेली सगळ्यात मोठी शाबासकी ती, आणि देणारीला अक्षरओळख नव्हती. आता होकार आलाच असं मी धरून चाललो.

पुढचं पान उलटलं. नारळी पौर्णिमा. हिराबाईंचं बोट होडीवर आलं, नावावरून सरकत नाळेपर्यंत गेलं आणि थांबलं.

"ही कोनाची होडी?"

"तुझीच की ग आई. दर्याराणी."

"माजी न्हाय."

"अगं, असं काय करतेस..."

"माजी होडी मना वळखता येत न्हाय? ही न्हाय माजी. आनि ती माजी नसंल तर तिच्या म्होरं नारळ घेऊन हुबी हाय ती पन मी न्हाय. न्हाय छापायचं." आणि पान खाली ठेवून त्या उठल्या.

सुप्रियाचा चेहरा पांढरा पडला. चार वर्षं तिची, आणि ती मी माझ्या मिजाशीपायी घालवली. मी म्हटलं, "हिराबाई, तिची चूक नाही. तिने विचारलं होतं. मीच खोटं बोललो. मी 'णी' नीट केली."

त्या वळल्या. मला वाटलं, आता शिव्यांची टोपली ओतणार. पण म्हणाल्या, "चल माज्यासंगट."

घरामागे पाण्याच्या पिंपावर झाकण म्हणून एक फळी टाकलेली होती. त्यांनी ती उचलून उलटी केली. निळा रंग, पोपडे आलेला, आणि त्यावर पांढरी, वीतभर, माझी 'णी'. होडी मोडली तेव्हा सगळं लाकूड दिलं, एवढी फळी तेवढी ठेवून घेतली होती.

"ह्या बंदरातनं होडी भायेर जाते तेवा कुठली बाजू दिसते रे?"

मी डोळ्यांपुढे आणलं. खाडीतून समुद्राकडे तोंड केलं की रेवदंड्याच्या धक्क्यावर उभ्या माणसाला उजवी बाजू दिसते.

"सगल्या होड्या निळ्या नायतर तांबड्या. नाव सगल्यांवर. मना काय वाचता येतं? पन सगल्यांची अक्षरं मोठी, आनि माजीला शेवटी ही बारकी. ती दिसते तवर मी धक्क्यावर हुबी. ती दिसंनाशी झाली की म्हनायचं, गेला आता, आनि टोपली उचलायची. रोज. अठरा वर्सं. आनि तू दर पावसाला यायचास, नीट करतो म्हनून!"

मी ती फळी हातात घेतली. मागे महादू उभा होता. त्याने किती ऐकलं कोण जाणे, पण मान खाली घालून विडी शोधत होता. मी ज्याला शिक्षा समजत होतो त्या अक्षराला ती बाई रोज निरोप देत होती. हसणाऱ्या गावाने मला काय काय म्हटलं असेल, पण त्या अठरा वर्षांत माझं एकच अक्षर खऱ्या अर्थाने कोणीतरी वाचत होतं, आणि तेच मी पुसायला निघालो होतो.

सुप्रियाने मला कोरी होडी पुन्हा काढून दिली. मी घरी बसलो, आधी सरावाच्या कागदावर बारीक 'णी' लिहिली. खोटी वाटली. पुन्हा लिहिली. आणखी खोटी. अहो, ठरवून केलेली चूक लगेच ओळखू येते. ती नाटकातल्या दारुड्यासारखी झुलते. चौथा कागद फाडल्यावर मी उठलो, सामान घेऊन हिराबाईंच्या पडवीत जाऊन बसलो आणि म्हटलं, "हिराबाई, मागे उभ्या राहा आणि मला ओरडा."

"आँ?"

"त्या दिवशी ओरडत होता तसं. घाई करा माझी."

असं निमंत्रण त्यांना आयुष्यात कोणी दिलं नसेल. कमरेवर हात ठेवून सुरुवातच केली. "आटप रे पेंटर! पानी चढलं! काय बोटांना मेंदी लावलीस? माजी होडी उद्याच्या भरतीला घालू का?" मी माप घेतलं नाही, दोरी लावली नाही. 'द' ऐसपैस गेला. 'र्या' त्याच्यामागे. 'रा' झाला, आणि बघतो तर वीतभरच्या जागी नखभर कागद उरलेला. मी 'णी' कोंबली. घाम फुटला होता. वर बघितलं तर हिराबाई ओरडायच्या थांबल्या होत्या. खाली वाकल्या, कागदावरच्या 'णी'वर बोट ठेवलं, ओल्या शाईचा ठिपका बोटाला लागला तो बघितला आणि लेकीला म्हणाल्या, "छाप."

सुप्रिया आईच्या गळ्यात पडली. हिराबाईंनी शाईचं बोट तिच्या कपड्यांना लागू नये म्हणून हात वर धरला होता.

पुस्तक निघालं. इथल्या वाचनालयात गेलो तर ग्रंथपालबाईंनी ते बालविभागात, सिंदबादच्या सफरींशेजारी ठेवलेलं. मी ते तिथेच राहू दिलं, मीही एकदा तसंच समजलो होतो. महिन्याभराने गेलो तर जागेवर नाही. बाई म्हणाल्या, "आमच्या निवृत्त हेडमास्तरांनी नातवासाठी नेलं होतं. स्वतः वाचून परत आणलं आणि म्हणाले, हे कादंबऱ्यांत ठेवा. मग मी पण वाचलं." त्या चष्मा पुसत राहिल्या. आता ते कादंबऱ्यांच्या कपाटात आहे, म्हणजे असतं तेव्हा. बहुतेक वेळा कोणीतरी नेलेलं असतं. कोळीवाड्यात एक प्रत घरोघर फिरते, तिला बोंबलाचा वास येतो. पुण्याच्या प्रकाशकांना मी ते सांगितलं तर ते म्हणाले, असा अभिप्राय आम्हाला कधी मिळाला नव्हता.

माझ्याकडे आता आणखी दोन मुलांची पानं अक्षरासाठी आली आहेत. एक उरणचा, न्हावा शेव्याला कंटेनरवर काम करणाऱ्यांची गोष्ट काढतोय. मी त्याला सांगितलंय, फुगे आधी काढायचे नाहीत.

पण सांगायची गोष्ट ती नव्हे. यंदा नारळी पौर्णिमेच्या आठ दिवस आधी हिराबाईंचा निरोप आला, ब्रश घेऊन ये. गेलो. महादूचे गुडघे गेल्यापासून मुलगा नितेश होडीवर जातो. फायबरची होडी किनाऱ्यावर ओढलेली, आणि तिच्या दोन्ही बाजूंची स्टिकरं हिराबाईंनी सुरीने खरवडून काढलेली.

"आता पोरगा जातो," त्या म्हणाल्या. "सगल्या होड्यांवर येकच अक्षर, मशीनचं. मी धक्क्यावर हुबी राहते आनि मना कळत न्हाय कंची माजी."

मी डावी बाजू लिहिली. म्हाताऱ्या हाताने जमेल तेवढी देखणी. मग रंगाचा डबा उचलून उजवीकडे आलो. खिशात हात घातला, खडूची दोरी चाचपली आणि तिथेच राहू दिली. हिराबाई मागे येऊन उभ्या राहिल्या होत्या.

"आटप रे पेंटर," त्या म्हणाल्या. या वेळी हळू.

मी डावीकडून 'द' काढायला घेतला, चांगला ऐसपैस.